फार्समधला नट मनापासून घाबरलेला हवा : ब्रिटिश फार्स आणि तो करणारी माणसं

विंगेतला उंदीर

१९७० साली लंडनमध्ये मायकेल फ्रेन स्वतःच्याच नाटकाचा प्रयोग विंगेत उभा राहून बघत होता. ‘द टू ऑफ अस’ असं त्या कार्यक्रमाचं नाव. नट दोघंच, लिन रेडग्रेव्ह आणि रिचर्ड ब्रायर्स. शेवटच्या फार्समध्ये (फार्स म्हणजे गैरसमज, थापा आणि धावाधाव यांवर चालणारं वेगवान विनोदी नाटक) सगळी पात्रं या दोघांनीच उभी करायची. म्हणजे एका दारातून बाहेर पडायचं, काळोखात कपडे बदलत धावायचं आणि दुसऱ्या दारातून वेगळाच माणूस होऊन आत शिरायचं. फ्रेनला वाटलं, समोरून दिसतंय त्यापेक्षा मागून जास्त धमाल आहे. ते डोक्यात घोळत राहिलं आणि १९८२ मध्ये हॅमरस्मिथच्या लिरिक थिएटरात ‘नॉइजेस ऑफ’ आलं, दिग्दर्शक मायकेल ब्लेकमोर. तिथून ते सॅव्हॉय थिएटरला गेलं आणि पुढची काही वर्षं तिथून हललं नाही.

ज्यांनी पाहिलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. एक तिय्यम दर्जाची फिरती कंपनी ‘नथिंग ऑन’ नावाचा फार्स गावोगाव करते आहे. पहिल्या अंकात रंगीत तालीम चालू आहे, पहिल्या प्रयोगाच्या आदल्या रात्री, तीही मध्यरात्रीच्या सुमाराला. डॉटी नावाच्या ज्येष्ठ नटीला सार्डिन माशांची बशी केव्हा उचलायची आणि केव्हा तिथेच सोडून जायची, एवढंही लक्षात राहत नाही. दुसऱ्या अंकात अख्खा सेट फिरवलेला असतो. महिन्याभरानंतरचा मॅटिनी प्रयोग आपण मागच्या बाजूने बघतो. तोवर कंपनीत प्रेमं जुळून फाटलेली आहेत, एकजण कुऱ्हाड घेऊन दुसऱ्याच्या मागे लागलाय, पण पलीकडे प्रयोग चालू असल्यामुळे कुणी तोंडातून आवाज काढायचा नाही. सगळी भांडणं मुक्याने. तिसऱ्या अंकात आपण परत समोर येतो. दौरा संपत आलेला असतो आणि नाटकाचा नुसता सांगाडा उरलेला.

दुसऱ्या अंकाची संहिता दोन रकान्यांत छापली आहे. एकीकडे पलीकडून ऐकू येणारे संवाद, दुसरीकडे त्याच क्षणी विंगेत चाललेली धावाधाव. वाचताना रेल्वेचं वेळापत्रक वाचल्यासारखं वाटतं, आणि करणाऱ्यांना ते तसंच पाळावं लागतं.

माझं म्हणणं एवढंच की फार्समधल्या पात्राला आपण विनोदी नाटकात आहोत याचा पत्ता नसतो. त्याची नोकरी, लग्न, अब्रू पणाला लागलेली असते आणि दारावरची बेल वाजलेली असते. नट जितका मनापासून घाबरेल तितकं प्रेक्षागृह हसणार. जो नट ‘बघा मी किती गंमत करतोय’ म्हणत येतो, तो पहिल्या दहा मिनिटांत नाटक पाडतो. ब्रिटनमधल्या या परंपरेबद्दल आणि ती चालवणाऱ्या माणसांच्या जगण्याबद्दल जे माहीत असेल ते इथे लिहा.

रिकामटेकडी

वाचतेय. आपली ‘मोरूची मावशी’ पण मूळ तिकडचीच ना?

तात्या अंधेरीकर

हो, अत्र्यांनी ती ब्रँडन थॉमसच्या ‘चार्लीज आंट’वरून घेतली. मूळ नाटक २९ फेब्रुवारी १८९२ ला बरी सेंट एडमंड्स या छोट्या गावातल्या थिएटर रॉयलमध्ये पहिल्यांदा झालं. १८१९ चं ते थिएटर आजही चालू आहे. त्याच वर्षी डिसेंबरात नाटक लंडनला आलं आणि सलग १,४६६ प्रयोग झाले. त्या काळातला तो विक्रमच. मावशी करणारा डब्ल्यू. एस. पेन्ली हा नट लंडनभर त्याच भूमिकेने ओळखला जाऊ लागला.

विजय चव्हाणांचंही आपल्याकडे तेच झालं. त्यांनी इतकी कामं केली, पण लोकांच्या तोंडी पहिली मावशीच. मूळ मुद्द्याला धरून सांगतो. चव्हाणांची मावशी नुसती साडी नेसलेला पुरुष म्हणून हशा घेत नव्हती. आत अडकलेल्या माणसाची तारांबळ दिसायची. पदर सावरताना ‘आता पकडला जातो’ ही धास्ती डोळ्यांत असायची. नुसते हावभाव करणारे नंतर पुष्कळ पाहिले, त्यांची नावं घेत नाही.

सई (लीड्स)

छान धागा! इथे आमच्या हौशी नाट्यमंडळात दर दोन-तीन वर्षांनी एखादा फार्स होतोच, कारण तिकिटं हातोहात जातात. म्हातारी मंडळी तालमीनंतर पबमध्ये जुन्या गोष्टी सांगत बसतात. त्यातून आणि वाचनातून जे कळलं ते लिहिते.

सुरुवात ऑल्डविचपासून करायला हवी. १९२३ ते १९३३ या दहा वर्षांत लंडनच्या ऑल्डविच थिएटरात एकामागोमाग एक डझनभर फार्स झाले. त्यातले नऊ एकट्या बेन ट्रॅव्हर्सने लिहिले. नटांचं त्रिकूट ठरलेलं. टॉम वॉल्स हा बेरकी, राल्फ लिन हा एका डोळ्याला काच लावलेला खुळचट बाबू आणि रॉबर्टसन हेअर हा टकलू, सज्जन, प्रत्येक नाटकात ज्याची बेअब्रू होते आणि बहुतेक वेळा पॅन्टही जाते असा. लेखकाला नट आधीच माहीत, त्यामुळे तो त्यांच्या अंगावर बेतूनच लिहायचा.

टॉम वॉल्स हे अजब प्रकरण होतं. नाटकात येण्याआधी तो काही काळ पोलीस शिपाई होता. पैसा आल्यावर त्याने घोडे पाळले, स्वतः शिकवले आणि १९३२ ची डर्बी ही घोड्यांची मानाची शर्यत त्याच्या ‘एप्रिल द फिफ्थ’ नावाच्या घोड्याने जिंकली. फार्समध्ये लिहिलं असतं तर प्रेक्षक म्हणाले असते, जरा अतीच होतंय.

पण ही झाली वरच्या फळीतली माणसं. बाकीचे नट ‘वीकली रेप’मध्ये, म्हणजे दर आठवड्याला नाटक बदलणाऱ्या रेपर्टरी कंपन्यांमध्ये, पिसून निघायचे. दर सोमवारी नवं नाटक. रात्री या आठवड्याचा प्रयोग, दिवसा पुढच्या आठवड्याची तालीम, मधल्या वेळात त्याच्या पुढच्याचं पाठांतर. आधुनिक नाटकाचे कपडे नटाने स्वतःचे आणायचे. त्यामुळे बऱ्यापैकी सूट आणि डिनर जॅकेट असलेल्या तरुणाला काम लवकर मिळायचं, अभिनय मग बघू. दौऱ्यावरच्या कंपन्या रविवारी गाव बदलायच्या. क्रू (Crewe) नावाच्या रेल्वे जंक्शनवर वेगवेगळ्या कंपन्यांची माणसं गाड्या बदलताना एकमेकांना भेटायची आणि कुठे घर चांगलं, कुठे ढेकूण, याची देवाणघेवाण व्हायची.

‘डिग्ज’ म्हणजे नटांना आठवड्याने खोली देणाऱ्या घरमालकिणी, हे तर एक वेगळंच पुराण. निघताना त्या अभिप्रायाची वही पुढे करायच्या. वाईट लिहावं तर पुढच्या वर्षी पंचाईत. मग नट लिहायचे, ‘क्वोथ द रेव्हन’, म्हणजे ‘डोमकावळा वदला’. एडगर अॅलन पो या कवीच्या कवितेतला तो डोमकावळा काय वदतो? ‘पुन्हा कधीच नाही’. मालकीण खूश, आणि पुढचा नट वही चाळून सावध.

प्रॉम्प्टर

सईताई, कावळा भारी! 😀

मी पुण्यात बरीच वर्षं बॅकस्टेज केलंय, म्हणून फार्सच्या दारांबद्दल बोलतो. समीक्षक दारांवर प्रतीकं वगैरे लिहितात, आम्हाला त्यांच्या बिजागऱ्या दिसतात. साध्या कौटुंबिक नाटकात दार अंकात पाच-सहा वेळा उघडतं. फार्समध्ये ते सतत आपटतं. आपटलं की फ्लॅट, म्हणजे सेटची कापडी भिंत, हलतो, भिंतीवरची तसबीर थरथरते आणि बंगला कापडाचा आहे हे शेवटच्या रांगेलाही कळतं. म्हणून मागून ब्रेस, म्हणजे तिरपे टेकू, मारून त्यावर वजनं ठेवायची. खरी कडी लावायची नाही, ढकललं की बसेल आणि ओढलं की सुटेल असं काहीतरी बसवायचं. तरीही एका प्रयोगात आमचं दार आतून जाम झालं. नायक बाहेर, त्याची बायको आत, आणि पुढचं वाक्य ‘तुम्ही केव्हा आलात?’ तिने ते वाक्य बंद दाराकडे बघून म्हटलं. तुफान हशा. दुसऱ्या दिवशी निर्माते म्हणाले, तसंच ठेवा. ठेवलं, आणि एकही माणूस हसला नाही.

कारण उघड आहे. आदल्या रात्री ती बाई खरोखर घाबरली होती.

दुसरं म्हणजे हशावर बोलायचं नाही. हशा चढत असताना थांबायचं, उतरायला लागला की पुढचं वाक्य टाकायचं. लवकर टाकलं तर वाक्य वाहून जातं आणि उशीर केला तर वेग मरतो. हे रोजच्या प्रेक्षकागणिक बदलतं. त्यात धावून दम लागलेला असतो आणि तो दम दिसू द्यायचा नसतो.

खवचट

सगळं मान्य, पण मंडळी, माल काय आहे ते पण बघा. अर्ध्या कपड्यातली बाई कपाटात, धर्मगुरू पलंगाखाली, बायको दारात. पन्नास वर्षं हेच. रे कूनीचं ‘रन फॉर युवर वाइफ’ मी वाचलंय. एक टॅक्सीवाला, त्याच्या दोन बायका, एक विम्बल्डनला आणि एक स्ट्रेथमला. त्यातले समलिंगी माणसांवरचे विनोद आज वाचवत नाहीत. त्यावर चित्रपट निघाला तेव्हा समीक्षकांनी धू धू धुतला. उगाच कशाला डोक्यावर घ्यायचं?

विंगेतला उंदीर

खवचट, त्या विनोदांबद्दल तुमचं म्हणणं खरंच आहे. ते नाटक १९८३ चं आणि ते वय त्याला लपवता येत नाही. पण नाटकाचा सांगाडा बघा. दोन घरं रंगमंचावर एकाच सेटमध्ये, एकमेकांत मिसळलेली. दोन्ही बायका एकाच वेळी समोर, तरी एकमेकींना दिसत नाहीत, कारण त्या वेगवेगळ्या उपनगरात आहेत. टॅक्सीवाल्याचं दुहेरी आयुष्य पाळ्यांच्या काटेकोर गणितावर चाललंय. एका लुटालुटीच्या झटापटीत मार लागून तो इस्पितळात जातो आणि गणित कोलमडतं. त्यानंतर प्रत्येक थाप आधीच्या थापेला टेकू म्हणून येते, एकही वायफळ नाही. लंडनमध्ये हे नाटक सुमारे नऊ वर्षं चाललं ते अर्ध्या कपड्यांवर नाही.

कूनी तर फार्सला विनोदी नाटकापेक्षा शोकांतिकेच्या जवळचा मानतो. तो मुळात नट. व्हाइटहॉल थिएटरात ब्रायन रिक्सच्या कंपनीत कामं करता करता लिहायला लागला. नवं नाटक आधी लहान ठिकाणी करून बघायचं, लोक कुठे गप्प बसतात ते ऐकायचं आणि घरी येऊन पुन्हा लिहायचं, ही त्याची पद्धत.

आणि रिक्सबद्दल लिहिल्याशिवाय हा धागा पुरा होणार नाही. यॉर्कशरचा माणूस. १९४८ मध्ये इल्कलीला स्वतःची रेपर्टरी कंपनी काढली. १९५० मध्ये ‘रिलक्टंट हीरोज’ हे लष्करी छावणीतलं नाटक घेऊन लंडनच्या व्हाइटहॉलला आला आणि पुढची सोळा-सतरा वर्षं तिथेच ठाण मांडून बसला. ते पहिलं नाटकच चार वर्षं चाललं. नंतर ‘ड्राय रॉट’, ‘सिंपल स्पायमेन’, ‘वन फॉर द पॉट’, ‘चेज मी, कॉम्रेड’. बीबीसीवरून त्याचे फार्स घराघरात गेले. रंगमंचावर त्याची पॅन्ट १२,००० हून जास्त वेळा उतरली असं सांगतात. बुद्धिवादी मंडळी अर्थातच त्या थिएटरकडे फिरकत नव्हती.

१९५१ मध्ये, म्हणजे पहिलं नाटक धो धो चालू असताना, त्याला आणि त्याची बायको, नटी एल्स्पेट ग्रे हिला मुलगी झाली. शेली. तिला डाउन सिंड्रोम होता. त्या काळी अशा मुलांना संस्थेत ठेवून विसरून जा, असाच सल्ला मिळायचा. रिक्सच्या पदरातही तोच पडला. रोज संध्याकाळी हा माणूस मेकअप करून सार्जंटला घाबरणाऱ्या शिपायाचं काम करत होता.

पुढे १९८० मध्ये तो ‘मेनकॅप’ या बौद्धिक अपंगत्व असलेल्या माणसांसाठी काम करणाऱ्या संस्थेचा सरचिटणीस झाला. आधी ‘सर’ आणि १९९२ मध्ये लॉर्ड झाल्यावर वरिष्ठ सभागृहात याच विषयावर भांडत राहिला. २०१६ मध्ये गेला. पॅन्ट उतरवणारा म्हणून ज्याची टिंगल झाली, त्याचं म्हणणं मंत्र्यांना उठून ऐकावं लागत होतं.

मधुरा प.

रिक्सचं हे अजिबात माहीत नव्हतं. धन्यवाद.

खवचट

उंदीरराव, रिक्स माणूस म्हणून थोर, नाटकं म्हणून बघू. 😀 पण सांगाड्याचा मुद्दा पटला, अर्धा.

तात्या अंधेरीकर

नटाच्या जगण्यावरून सिड जेम्स आठवला. ‘कॅरी ऑन’ चित्रपटांतला तो खर्जातल्या हास्याचा माणूस. २६ एप्रिल १९७६. संडरलंडच्या एम्पायर थिएटरात ‘द मेटिंग सीझन’ या फार्सच्या दौऱ्यातला तिथला पहिला प्रयोग. जेम्सला रंगमंचावरच हृदयविकाराचा झटका आला. सोबतच्या नटीला वाटलं गंमत करतोय. पडदा पाडून ‘कुणी डॉक्टर आहे का’ असं विचारलं, तेव्हाही लोक हसत होते, त्यांना तो नाटकाचाच भाग वाटला. इस्पितळात नेईपर्यंत संपलं. वय ६२.

प्रॉम्प्टर

तात्या, हे वाचून अंगावर काटा आला. फार्सचा प्रेक्षक तसा तयारच केलेला असतो. पडलेला माणूस उठणारच, हा तर करार. ‘नॉइजेस ऑफ’च्या तिसऱ्या अंकातही नट आता कोसळणार असं वाटत असताना आपण खदाखदा हसत असतो.

सई (लीड्स)

आमच्या मंडळाने ‘नॉइजेस ऑफ’ करायचा घाट घातला होता, त्यात मी प्रॉपर्टीवर, म्हणजे रंगमंचावरच्या वस्तूंवर, होते. पहिल्या वाचनाला सगळे हसून लोळले. दुसऱ्या अंकाच्या तालमीला लागल्यावर हसणं बंद. संवाद पाठ होते, पण त्या अंकात संवादांचा उपयोग फक्त घड्याळ म्हणून. पलीकडून अमुक शब्द ऐकू आला की इकडे फुलांचा गुच्छ या हातातून त्या हातात. एक गुच्छ चुकला की पुढच्या सगळ्यांचे हात रिकामे. आमच्या दिग्दर्शकबाईंनी शेवटी प्रत्येकाला स्वतःपुरता कागद करून दिला, ‘कुठून कुठे, हातात काय’ एवढाच. बशीतल्या माशांचा प्रश्न वेगळाच होता. खरे वापरले तर वास आणि घसरगुंडी, खोटे वापरले तर पडल्यावर टणकन उसळतात. मी जिलेटिनचे केले, दिव्यांच्या उष्णतेने वितळले. मग सिलिकॉनचे मागवले.

त्या नाटकातली माझी लाडकी जागा म्हणजे दुसऱ्या अंकाच्या सुरुवातीच्या घोषणा. इथे पडद्यामागे ‘हाफ’, म्हणजे अर्धा तास उरल्याची सूचना, पुकारतात, तो प्रयोगाच्या पस्तीस मिनिटं आधी, कारण पहिल्या प्रवेशातल्या नटांना पाच मिनिटं आधीच जागेवर बोलावतात. नाटकात स्टेज मॅनेजर टिम आणि त्याची मदतनीस पॉपी, दोघंही एकमेकांना न सांगता प्रेक्षकांसाठी घोषणा करत सुटतात. हा म्हणतो तीन मिनिटं, ती म्हणते दोन, हा परत तीन. बाहेर बसलेल्या पेन्शनर प्रेक्षकांनी जागेवर बसावं की चहाला जावं, कळत नाही. तिसरी घंटा देऊनही पडदा न उघडलेल्या प्रयोगाला जे बसले आहेत, त्यांना हे वेगळं समजवायला नको.

रिकामटेकडी

हे आता कुठे बघता येईल? आणि नव्या पिढीत कुणी फार्स करतं का तिकडे?

सई (लीड्स)

करतात तर! ‘द प्ले दॅट गोज राँग’ बघ. हेन्री लुईस, जोनाथन सेयर आणि हेन्री शील्ड्स या तिघांनी लिहिलं. २०१२ मध्ये लंडनच्या इस्लिंग्टन भागात एका पबच्या वरच्या छोट्या थिएटरात सुरू झालं आणि २०१४ पासून वेस्ट एंड या लंडनच्या मुख्य नाट्यवस्तीतल्या डचेस थिएटरात चालू आहे. हौशी मंडळी खुनाचं रहस्यनाटक करतायत आणि सेट त्यांच्या अंगावर कोसळतोय. फ्रेनइतकं बांधीव नाही, दुसऱ्या अर्ध्यात तेच तेच होतं असं मला वाटलं. पण शाळकरी मुलं पोट धरून हसतात. ‘नॉइजेस ऑफ’चे प्रयोग अधूनमधून होतच असतात. १९९२ चा चित्रपट आहे, तो काही खास नाही. कॅमेरा कुठे बघायचं ते ठरवून टाकतो, इथे मजा तर आपणच डोळे फिरवण्यात आहे.

खवचट

जो ऑर्टन या नाटककाराला कुणीच कसं विचारलं नाही? १९६५ मध्ये त्याचं ‘लूट’ पहिल्या दौऱ्यात सपशेल पडलं, त्यात केनेथ विल्यम्ससारखा नट असूनही. पुन्हा लिहून १९६६ मध्ये उभं केलं तर गाजलं. ‘व्हॉट द बटलर सॉ’ १९६९ मध्ये आलं, तोवर त्याचा खून होऊन दीड वर्ष झालं होतं. दारं, उतरलेले कपडे, चुकीच्या वेळी आलेला पोलीस, सगळं ऑल्डविचचंच सामान. फक्त शेवटी सभ्यपणा जागेवर येत नाही. हा फार्स मला चालतो.

विंगेतला उंदीर

ऑर्टनसाठी वेगळा धागा काढा, मी येतो.

पण तुम्ही सभ्यपणाचं काढलंत म्हणून सांगतो. १९६८ पर्यंत ब्रिटनमध्ये प्रत्येक नाटकाची संहिता लॉर्ड चेंबरलेन या राजदरबारी अधिकाऱ्याच्या कचेरीतून मंजूर करून घ्यावी लागायची. जुन्या फार्समध्ये सगळं ‘होता होता राहतं’ त्याचं एक कारण हे. ट्रॅव्हर्सच्या १९२५ च्या ‘अ कुकू इन द नेस्ट’मध्ये एक विवाहित पुरुष आणि दुसऱ्याची बायको एका खाणावळीच्या एकुलत्या खोलीत रात्रभर अडकतात, आणि तो बिचारा जमिनीवर झोपतो. नाटकभर लोक ज्याचा संशय घेतात ते घडतच नाही.

मग १९६८ मध्ये ही सेन्सॉरशिप गेली. ट्रॅव्हर्स तेव्हा ऐंशीच्या पुढे होता, पण होता. त्याने नवं नाटक लिहिलं, ‘द बेड बिफोर यस्टरडे’, मध्यमवयीन बाईला शरीरसुखाचा उशिरा लागलेला शोध असा विषय. १९७५ च्या डिसेंबरात लंडनच्या लिरिकमध्ये ते लागलं, मुख्य भूमिकेत जोन प्लोराइट. चाललंही उत्तम. लेखकाचं वय तेव्हा ८९.

तात्या अंधेरीकर

८९! आणि इथे आमचे लेखक साठीला सत्कार घेऊन मोकळे होतात.